एका टोकाकडून चाचणी

२ नोव्हेंबर, रविवार. सकाळ, चहाच्या आधी.

काल रात्री जेवताना मितालीने जाहीर केलं की तिला लग्न करायचंय आणि मुलगा ठरलाय. नाव कल्पेश. उरणजवळच्या करंजाचा. वडील विठू नाखवा, स्वतःची मासेमारीची बोट. मुलगा सिव्हिल इंजिनियर, खाडीवरच्या पुलाच्या साइटवर नोकरी. माझी बायको आशालता म्हणाली, छान. एकुलत्या एका मुलीचा प्रश्न, आणि हिने छान म्हणून मला आणखी एक पोळी वाढली!

मी जातपात मानत नाही. हे आधीच लिहून ठेवतो. करंजाच्या लोकांबद्दल मला अतिशय आपुलकी आहे. विशेषतः ते करंजात असताना.

पण आयुष्यभर टेलिकॉमच्या टेस्टिंग सेक्शनमध्ये काढलेला माणूस तपासल्याशिवाय कनेक्शन देत नाही. मिताली म्हणाली की डिसेंबरअखेरपर्यंत थांबते, मग रजिस्टर ऑफिसात नोटीस देणार. तुम्ही मनापासून हो म्हणालात तर मला फार बरं वाटेल बाबा, असंही म्हणाली. डोळ्यांत पाणी होतं. कोशिंबिरीतला कांदा उग्र होता.

संकल्प: मुलाची शास्त्रशुद्ध चाचणी. भावनांना थारा नाही. शिवाय आजपासून साखर बंद.

४ नोव्हेंबर. दुपार.

दोन दिवस नेटवर वाचन. विषय प्रचंड आहे. यावर पुस्तक लिहायला हवं, आणि ते मीच लिहू शकतो.

चाचणी दोन प्रकारची. दिशात्मक आणि द्विदिशात्मक. संख्याशास्त्रवाले, मानसशास्त्रवाले सगळे हेच शब्द वापरतात. दिशात्मक म्हणजे फरक कुठल्या बाजूला पडणार हे आधी ठरवायचं आणि फक्त तिकडेच बघायचं. द्विदिशात्मक म्हणजे कमी की जास्त, दोन्हीकडे बघायचं. दुसऱ्यात कष्ट जास्त आणि मनाचा गोंधळ फार. मी पहिली निवडली. माझं गृहीतक: मुलगा आपल्यापेक्षा कमी आहे. तो जास्त आहे का, हे तपासायचं कारण नाही. तसं असणार नाही.

मिताली औषध कंपनीत आकडेवारीचंच काम करते, म्हणून तिला सहज सांगितलं. ती म्हणाली की पलीकडच्या बाजूला काय आहे याच्याशी आपल्याला खरंच देणंघेणं नसेल तरच एकाच बाजूला बघावं. औषधाचा फायदा होतो का एवढंच तपासलंत आणि पेशंट गेला, तर तुम्ही लिहाल, फायदा आढळला नाही.

मुलगी भावनाप्रधान आहे. औषध वेगळं, जावई वेगळा. (चहात साखर घातली. वाचनाने थकवा आला होता.)

९ नोव्हेंबर, रविवार.

चाचणी पहिली: संयम. कल्पेशला पाच वाजता चहाला बोलावलं आणि आपण त्याआधीच सटकलो. घरी कुणालाच सांगितलं नाही. यजमान नाही म्हटल्यावर मुलगा चिडतो का, मोबाईल बघत बसतो का, निघून जातो का, हे बघायचं होतं. रोडपालीच्या तळ्याकाठी बाकावर बसून राहिलो. डास फार. मुलीच्या कल्याणासाठी सोसलं.

अंधार पडल्यावर घरी. मुलगा तिथेच. आशालतेबरोबर मटार सोलत बसला होता आणि ती हसत होती. चांगली खळखळून. तिला असं हसताना बऱ्याच दिवसांत पाहिलं नव्हतं, कधीतरी कारण विचारायला हवं. माझ्या वाटणीची भजी संपली होती.

निष्कर्ष: संयमात कमतरता आढळली नाही. याचा अर्थ संयम आहे असा होत नाही. कमतरता आढळली नाही, एवढंच. शास्त्र याहून जास्त बोलायला परवानगी देत नाही.

१५ नोव्हेंबर, शनिवार.

चाचणी दुसरी: सामान्यज्ञान. कल्पेशला शिरढोणला नेलं, वासुदेव बळवंतांच्या गावी. हल्लीच्या मुलांना क्रांतिकारक म्हणजे टी-शर्टवरचे फोटो. आदल्या दिवशी पाठ करून तयारीने गेलो होतो. त्याने सगळं सांगितलं. माझ्या प्रश्नांच्याही पुढचं सांगितलं. शाळेची सहल दरवर्षी इथेच यायची म्हणे. मग त्याने मला एक प्रश्न विचारला. मी फोन आल्यासारखं केलं.

नोंद: मुलगा विचारल्याहून जास्त बोलतो. पण ‘जास्त’साठी माझ्याकडे जागा नाही, त्यामुळे हे धरता येत नाही.

परत येताना उसाच्या रसाच्या गाडीवर थांबलो. मी चाचणीचा विषय काढला तर तो म्हणाला, काका, आमच्या साइटवर पण द्विदिशात्मक चाचणी असते. पूर्वी जमिनीत गाडलेला खांब किती भार घेतो हे बघायला त्याच्या डोक्यावर काँक्रीटचे ठोकळे रचायचे. आता खांबाच्या पोटातच जॅक ठेवतात. जॅक फुगला की वरचा भाग वर ढकलला जातो, खालचा खाली. दोघं एकमेकांना तपासतात. माझ्या स्कूटरवरच्या धुळीत बोटाने काढून दाखवलं. दोघांतला जो आधी सरकतो तो कच्चा, म्हणाला.

मी म्हणालो, मला माहीत होतं. गाडी धुवायला हवी.

१९ नोव्हेंबर. संध्याकाळ.

कामोठ्याला सत्यजीतकडे. टेस्टिंग सेक्शनमधला जुना सहकारी. गुडघा धरून बसला होता. त्याला सगळी पद्धत समजावली. तो म्हणाला, टिपणीस, अरे केबलसुद्धा दोन्ही टोकांकडून तपासावी लागते.

हे त्याने मला सांगावं! पनवेलच्या टोकाकडून मी आयुष्यभर केबल तपासल्या. दुसरं टोक पेणला, आणि तिथल्या गेस्टहाउसला पंखा नव्हता. काही अडलं नाही. एकदा तर काचेच्या तारेच्या एका जॉइंटवर आतून जाणारा उजेड कमी व्हायच्या ऐवजी वाढतोय असं यंत्राने दाखवलं. मी रिपोर्टमध्ये लिहिलं, उत्कृष्ट जॉइंट. साहेबांनी पाठ थोपटली. ती लाइन पुढे सारखी बंद पडायची, पण कोकणातली हवाच तशी.

सत्यजीत म्हणाला, दोन वेगळ्या जातीच्या तारा जोडल्या की एका बाजूने असा खोटा फायदा दिसतो, पलीकडून बघितलं की खरा तोटा कळतो. दोन्ही मिळून सरासरी काढायची असते. या माणसाला पहिल्यापासून प्रत्येक गोष्टीत काहीतरी बोलायचं असतंच.

मात्र एक कल्पना सुचली. दुसऱ्या टोकाकडून चाचणी! म्हणजे आपण स्वतः करंजाला जायचं आणि त्यांना तिथून तपासायचं. आता माझी चाचणी द्विदिशात्मक झाली. कोण म्हणेल मी एकांगी आहे?

२३ नोव्हेंबर, रविवार.

यशस्वी मोहीम. वेषांतर: टोपी, काळा चष्मा, मॉर्निंग वॉकचे पांढरे बूट. पनवेल डेपोतून एसटीने उरण, पुढे सहा आसनी रिक्षा. बंदरावर गिऱ्हाईक म्हणून हिंडलो. कुणाला संशय आला नाही. एक-दोघांनी मला वाट चुकलात का विचारलं, एवढंच.

कोळंबी निवडत बसलेल्या एका बाईशी बोलणं काढलं. म्हटलं, माझा एक मित्र आहे, त्याच्या मुलीसाठी इथल्या विठू नाखवांच्या घरची जरा चौकशी करायची होती. बाईंचा हात थांबला. मला टोपीपासून बुटांपर्यंत पाहिलं. मग फारच अदबीने वागल्या. बसायला प्लास्टिकचं स्टूल दिलं, थर्मासमधला चहा दिला. साधी माणसं असतात ही. विचारलं की सगळं सांगतात.

विठू नाखवा कसे? मानूस बरा हाय, म्हणाल्या. कमी बोलतो. मुलगा? पोरगा सरळ हाय. आणि मुलाची आई? बाईंनी जरा विचार केला. बायको तिखट हाय हो जराशी, म्हणाल्या.

सापडली! पहिली कमतरता. लाल पेनने अधोरेखित केली.

मग त्यांनीही विचारलं, तुमचा मित्र कसा हाय? मी निःपक्षपातीपणे सांगितलं: अभ्यासू, शिस्तीचा, घरात त्याच्या शब्दाबाहेर कोणी नाही. त्याच्या बायकोला काय आवडतं, असं विचारलं. म्हटलं, मित्राला विचारून सांगतो. पोरगी काय म्हनते? म्हटलं, वडिलांच्या होकाराची वाट बघतेय. मंग देत का नाय तो, म्हणाल्या. तपासल्याशिवाय कसा देईल, मी म्हटलं. बाई म्हणाल्या, बरोबर हाय, तपासावं मानसानं. आमी पन बोटीवर कोनाला घेताना तपासतो.

विचार जुळतात. गिऱ्हाईक दिसावं म्हणून कोळंबी घेतली. येताना एसटीत मला एकट्याला दोन सीट मिळाल्या.

२७ नोव्हेंबर, गुरुवार.

पुन्हा करंजा. बाईंनी लांबूनच ओळखलं, वेषांतर असूनही. तल्लख आहेत.

आज मासळी द्यायला मात्र तयार नव्हत्या. मार्गशीर्षातला गुरुवार हाय, मित्राच्या घरी चालतो का, म्हणाल्या. म्हटलं, मित्र असलं काही मानत नाही. त्याची बायको करते काहीतरी, नारळ, पाच पानं, फळं वगैरे मांडून. कवापासून करते? असेल लग्नापासून. काय मागते देवीकडं? हे मित्राला विचारावं लागेल, म्हटलं. मी आग्रहच धरला तेव्हा बोंबील दिले.

घरी आलो तर हॉलमध्ये घट मांडलेला. शेजारच्या बायका हळदीकुंकवाला बसलेल्या. मी दारात, हातात पिशवी. पिशवीतून थेंब गळत होते.

आशालता काही बोलली नाही. जेवतानाही बोलली नाही. झोपतानाही नाही. वॉचमन बाळूला बोंबील देऊ केले तर त्याचाही मार्गशीर्ष. स्कूटरच्या डिकीत ठेवलेत, सकाळी बघू.

२८ नोव्हेंबर.

मिताली सकाळी स्कूटर घेऊन ऑफिसला निघाली ती दोन मिनिटांत परत आली. डिकी उघडली होती बहुतेक. नाकाला ओढणी.

मला विचारलं, बाबा, तुमचा मित्र बरा आहे ना?

म्हटलं, सत्यजीतला गुडघ्याचा त्रास आहे, बाकी बरा. ती माझ्याकडे बघत राहिली आणि मग रिक्षाने गेली. हल्लीच्या पिढीला वडीलधाऱ्यांची काळजी नसते म्हणतात, ते तितकंसं खरं नाही.

७ डिसेंबर, रविवार.

करंजा. आज मीच प्रमुख पाहुणा असल्यासारखं झालं. बाईंना माझी पूर्ण पद्धत समजावून सांगितली. मित्राने ठरवलंय की मुलगा कमी आहे का एवढंच बघायचं. बाई म्हणाल्या, मंग पोरगा जास्त निघाला तर? म्हटलं, त्याची नोंद होत नाही. यावर त्या इतक्या हसल्या की आजूबाजूच्या बायका हातातलं काम टाकून आल्या. त्यांनाही परत समजावलं. पनवेलच्या ज्येष्ठ नागरिक संघात माझं व्याख्यान झालं तेव्हा एवढी गर्दी नव्हती. शकू नावाची एक म्हणाली, असा एक मानूस आमच्या घरात व्हता, सासरा माझा. गेला बिचारा. काय झालं होतं ते सांगितलं नाही.

मग गर्दी पांगल्यावर बाईंनी विचारलं, तुमचा मित्र पोरीवर माया करतो का?

साधा प्रश्न. हो म्हणून मोकळं व्हायचं. पण मी सांगत बसलो. ती लहान असताना मित्राच्या स्कूटरवर पुढे उभी राहायची, दोन्ही हातांनी आरसा धरून. आरशात मित्राचं तोंड दिसायचं म्हणून. ऑफिसला उशीर होत असला तरी मित्र गाडी हळू चालवायचा, कारण वेग वाढवला की आरसा थरथरायचा आणि ती म्हणायची, बाबा, तुम्ही नीट दिसत नाही.

काळा चष्मा काढून पुसावा लागला. खारी हवा. मला ती कधीच मानवत नाही.

बाईंनी टोपलीवर फडकं टाकलं. आज मासळी देनार नाय म्हणाल्या, आणि घरामागच्या शेवंतीची वेणी आणून दिली. मित्राच्या बायकोला द्या, मार्गशीर्ष हाय.

घरी येऊन ती आशालतेला दिली. तिने विचारलं, कुणी दिली? म्हटलं, मीच आणली. ती माझ्याकडे बघून हसली आणि तिने वेणी माळली. रात्रीपर्यंत घरात शेवंतीचा वास. चांगलं वाटायला हवं होतं. खिशात कुणाचं तरी पाकीट आल्यासारखं वाटत राहिलं.

१४ डिसेंबर.

करंजाहून आमंत्रण. पुढच्या रविवारी, मार्गशीर्ष संपल्यावर, आम्ही तिघांनी जेवायला यायचं आणि बोलणी करायची.

अंतिम अहवाल तयार. कमतरता: मुलाची आई तिखट. बाकी तपासात काही आढळलं नाही. निर्णय: सशर्त मंजुरी. अटी अशा की मुलाने पनवेलमध्ये राहावं आणि आईने तिखटपणा आटोक्यात ठेवावा. बाथरूमच्या आरशासमोर भाषणाची तालीम केली. आवाज छान लागतो तिथे.

आशालता बाहेरून म्हणाली की तिथे जरा कमी बोला. तिला प्रसंगाचं गांभीर्य कळत नाही.

एकच काळजी. बंदरावरच्या त्या बाई वाटेत भेटल्या तर? पण मी टोपी-चष्म्याशिवाय जाणार. म्हणजे ओळखू येण्याचा प्रश्नच नाही.

२१ डिसेंबर, रविवार. घरी आल्यावर.

दार त्याच बाईंनी उघडलं.

नवी साडी, केसात वेणी. शेवंतीचीच. त्या दमयंती. कल्पेशची आई. माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या खांद्यावरून मागे, पायऱ्यांकडे पाहिलं आणि सगळ्या घराला ऐकू जाईल असं विचारलं, मित्राला नाय आनला?

विठू नाखवा छताकडे बघायला लागले. कल्पेश स्वतःच्या पायांकडे. आतून बायकांचं हसणं आलं, त्यात शकूचं मी ओळखलं. आशालता पुढे झाली आणि तिने दमयंतीबाईंचे दोन्ही हात धरले, पहिल्यांदा भेटल्यासारखे नाही. वेणीबद्दल म्हणाली की फुलं फार टिकली हो तुमची.

म्हणजे हिला माहीत होतं. तेव्हाही, माझ्याकडे बघून हसली तेव्हाही.

भाषण खिशात राहिलं. जेवताना दमयंतीबाई न रागावता, वाढता वाढता बोलल्या. म्हणाल्या की आमालाबी शंका व्हती. शहरातली पोर, हिला आमचं घर झेपंल का. नाखवा तर नायच म्हनत व्हता. पन मित्राच्या घरची सगळी हकीकत ऐकली आनि मीच सांगितलं, पोरीला लवकर आना. तिथं बापाला तिचं मन इचारायची सवय नाय.

कोणी हसलं नाही. निदान हसायला हवं होतं. मी मितालीकडे पाहिलं. तीही हसत नव्हती. खाली बघून भातात बोट फिरवत होती. ते मला फार लागलं.

दमयंतीबाईंनी माझ्या ताटात कालवण वाढलं. मित्र गाडी हळू चालवायचा म्हणून हे, म्हणाल्या. नाहीतर त्याला दारातनंच परत पाठवनार व्हते.

कालवण तिखट होतं. दुसऱ्यांदा मागून घेतलं.

तांत्रिकदृष्ट्या पाहिलं तर चाचणी दोन्ही टोकांकडून पूर्ण झाली. आधी कोण सरकलं हे लिहायची गरज नाही.

२३ डिसेंबर, मंगळवार. सकाळ.

नोटीस दिली. मितालीने काल देऊन टाकली. माझा होकार राहूनच गेला, म्हणजे मी तो काढून ठेवला होता, मागितला कोणी नाही. सत्यजीतला फोन केला. तो म्हणाला, सरासरी काढ.

मिताली चपला घालत असताना सहज विचारलं, रजिस्टर ऑफिसात साक्षीदार लागतात ना, कोण कोण ठरलंय? तीन लागतात, म्हणाली. एक आई. एक कल्पेशची आई. तिसरं अजून कोणी नाही.

मी तिथेच उभा राहिलो. पुस्तकांच्या कपाटावरची धूळ बोटाने पुसली. तिने स्कूटरची किल्ली घेतली, ती हुंगून तोंड वाकडं केलं आणि जिन्यावरून म्हणाली, बाबा, तुमच्या मित्राला विचारून बघा. त्याला वेळ असेल तर.

गॅलरीत जाऊन बघितलं. गेटबाहेर पडताना तिने आरसा नीट केला.

मित्राला विचारलं. त्याच्या काही अटी नाहीत. मोकळाच आहे.